प्रभाग रचनेवर हरकत कशी घ्यायची: पहिल्यांदाच नकाशा हातात घेणाऱ्यांसाठी

२०२५ साली मुंबई आणि पुण्याच्या प्रभाग रचनेचं प्रारूप २२ ऑगस्टला जाहीर झालं. हरकती-सूचनांची मुदत ४ सप्टेंबरला संपली. मधे २७ ऑगस्टला गणेश चतुर्थी होती. दोन आठवड्यांची मुदत, आणि त्यातले निम्मे दिवस घरच्या नाहीतर मंडळाच्या गणपतीत. मुदत उलटून गेल्यावर "आमची गल्ली त्या प्रभागात कशी गेली हो?" असं विचारणारे मला बरेच भेटले. त्यांना सांगण्यासारखं तेव्हा माझ्याकडे काहीच उरलेलं नव्हतं.

पाण्याची लाइन, ड्रेनेज, दवाखाना यांसाठी पुढची पाच वर्षं कुणाच्या कार्यालयात खेटे घालायचे, हे त्या हद्दीवर ठरतं. ती हद्द आखली जाताना सामान्य माणसाला बोलायची अधिकृत संधी एकदाच मिळते. म्हणून हे सगळं तपशिलात लिहिते आहे. पुढचं बरंचसं महापालिकांबद्दल आहे. नगरपरिषदेत आणि ग्रामपंचायतीत अधिकारी बदलतात, पण कामाची पद्धत साधारण हीच.

आधी शब्द नीट समजून घ्या

मुंबईत "वॉर्ड" म्हटलं की दोन वेगळ्या गोष्टी असतात. ए वॉर्ड, के पश्चिम वॉर्ड हे प्रशासकीय विभाग. निवडणुकीचे प्रभाग वेगळे, ते २२७ आहेत आणि प्रत्येकातून एकच नगरसेवक निवडून येतो. राज्यातल्या इतर महापालिकांमध्ये बहुसदस्यीय पद्धत आहे. एका प्रभागात साधारण चार जागा, त्यांना अ, ब, क, ड म्हणतात, आणि प्रत्येक जागेसाठी वेगळं मत द्यायचं असतं. नगरपंचायतीत १७ प्रभाग आणि १७ सदस्य. जिल्हा परिषदेत प्रभागाऐवजी गट, आणि प्रत्येक गटात पंचायत समितीचे दोन गण.

एका प्रभागात किती जागा असाव्यात, हे सरकार बदललं की बदलत आलं आहे. २००२ साली तीन, २००७ ला एक, २०१२ ला दोन, २०१७ ला चार. २०२२ मध्ये पुन्हा तीनच्या हिशोबाने पुण्यात ५८ प्रभाग आखून झाले होते. ते सगळं रद्द झालं, आणि २०२५ मध्ये चारच्या हिशोबाने ४१ प्रभाग झाले. म्हणून मागच्या निवडणुकीत आपण अमुक प्रभागात होतो, यावर विसंबून राहू नका. क्रमांक तोच असला तरी आतला भाग बदललेला असू शकतो.

कोण आखतं, कोण मंजूर करतं

आयुक्त आपल्या अधिकाऱ्यांकडून प्रारूप तयार करून घेतात. ते नगरविकास विभागाकडून राज्य निवडणूक आयोगाकडे जातं. आयोगाने मान्यता दिली की प्रसिद्ध होतं, मग हरकती, मग सुनावणी, आणि त्याच वाटेने पुन्हा वर जाऊन अंतिम अधिसूचना निघते. प्रसिद्ध होईपर्यंत आराखडा गोपनीय असतो. त्याआधी व्हॉट्सअॅपवर फिरणाऱ्या नकाशांवर वेळ घालवू नका.

गोपनीय काळात करण्यासारखं एक काम मात्र आहे. निवडणूक शाखेत जाऊन मागच्या वेळची प्रभागनिहाय प्रगणक गटांची यादी मागा. प्रगणक गट म्हणजे जनगणनेच्या वेळी एका प्रगणकाला वाटून दिलेला तुकडा, साधारण सहाशे ते आठशे माणसांचा. प्रभाग या तुकड्यांचे बनतात. कचेरीत याला सरळ "ब्लॉक" म्हणतात आणि "तुमचा ब्लॉक नंबर सांगा" असं विचारतात. तो नंबर सांगता आला की समोरच्या माणसाचं बोलणंच बदलतं, हे मी अनेकदा पाहिलं आहे. तोंडी मागून यादी मिळाली नाही तर माहिती अधिकारात अर्ज टाका. पण त्याला उत्तर द्यायला तीस दिवस असतात आणि हरकतींची मुदत त्याच्या निम्मी. म्हणजे हा अर्ज प्रारूप यायच्या बराच आधी गेला पाहिजे.

लोकसंख्येचं गणित

हे एकदा स्वतः कागदावर करून बघा. पिंपरी-चिंचवडचं उदाहरण घेऊ. २०११ च्या जनगणनेनुसार लोकसंख्या १७,२७,६९२. जागा १२८. भागाकार केला की एका जागेमागे साधारण १३,४९८ माणसं येतात. चार जागांच्या प्रभागाला ५३,९९० ही सरासरी. नियम असा की प्रभागाची लोकसंख्या या सरासरीच्या दहा टक्के वर किंवा दहा टक्के खाली असू शकते, म्हणजे ४८,५९१ ते ५९,३८९ या दरम्यान. त्याबाहेर गेली तर कारण द्यावं लागतं. मुंबईत १,२४,४२,३७३ ला २२७ ने भागलं की सरासरी ५४,८१२ येते.

या हिशोबात २०११ वर बोट ठेवा. २०२१ ची जनगणना झालीच नाही, त्यामुळे २०२५ ची रचनाही २०११ च्या आकड्यांवरच झाली. "आमच्याकडे गेल्या दहा वर्षांत पंचवीस टॉवर झाले, लोकसंख्या तिप्पट झाली, तरी प्रभाग तेवढाच का?" ही हरकत मी दर वेळी वाचते. तक्रार शंभर टक्के खरी असते. वाकड-बाणेरपासून घोडबंदर रोडपर्यंत सगळीकडे ती खरी आहे. पण आधारच २०११ चा ठरलेला असल्यामुळे ती टिकत नाही, आणि आपली एकमेव संधी तिच्यावर खर्च होते. पुढची जनगणना २०२७ ची आहे. तिचे आकडे आले की सगळं गणित नव्याने मांडावं लागणार आहे.

नकाशा आणि वर्णन, दोन्ही वाचा

खरं काम इथे आहे, म्हणून इथे जरा थांबते.

प्रारूप जाहीर होतं तेव्हा तीन गोष्टी मिळतात: प्रभागांचा नकाशा, प्रत्येक प्रभागाची लोकसंख्या (एकूण, अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती), आणि हद्दीचं शब्दांत लिहिलेलं वर्णन. बहुतेक लोक मुख्यालयात किंवा क्षेत्रीय कार्यालयात जातात, भिंतीवरच्या नकाशाचा मोबाइलवर फोटो काढतात आणि घरी येतात. फोटो मोठा करून बघायला गेलं की रेषा फाटते. वर्णनाची पानं कुणीच वाचत नाही.

२०१७ च्या निवडणुकीआधी आमच्या प्रभागाच्या वर्णनात पूर्वेच्या हद्दीला असं लिहिलं होतं: "…तेथून दक्षिणेस नाल्याने पुलापर्यंत व तेथून पश्चिमेस रस्त्याने…" वाचायला सरळ आहे. मी दोनदा वाचलं आणि पान उलटलं. आमच्या गल्लीत भूमी अभिलेख खात्यातून निवृत्त झालेले एक काका राहतात. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, पान डोळ्यांजवळ धरलं आणि म्हणाले, "ताई, यातला पूल कुठला?"

नाल्यावर दोन पूल आहेत. उत्तरेला नवा, कठड्याचा. त्याच्या खाली दक्षिणेला जुना फरशी पूल, पावसाळ्यात पाण्याखाली जातो तो. दोन्ही पुलांच्या मधे नाल्याच्या कडेला एक वस्ती, शंभरेक घरांची. नकाशातली रेघ फरशी पुलापाशी वळत होती, म्हणजे वस्ती आमच्या प्रभागात. पण वर्णन वाचून कुणी नव्या पुलापाशी वळलं असतं, तर तीच वस्ती पलीकडच्या प्रभागात गेली असती. मतदारयादी फोडणारा कर्मचारी कुठला कागद समोर ठेवून बसेल, ते आपल्या हातात नाही. त्या वस्तीतली मुलं आमच्याकडच्या शाळेत येतात, रेशनचं दुकान आमच्याकडे, आणि पलीकडे जायला मधे मोठा रस्ता. आम्ही एका पानाची हरकत दिली. अंतिम अधिसूचनेत "पुलापर्यंत" च्या जागी "फरशी पुलापर्यंत" आलं. एका शब्दाची भर पडली.

म्हणून माझी पद्धत सांगते. वर्णनाचं पान छापून घ्या. दोघं-तिघं मिळून सकाळी लवकर, रहदारी वाढायच्या आत निघा आणि हद्दीवरून चालत जा. एकाने वर्णन मोठ्याने वाचायचं, दुसऱ्याने नकाशा धरायचा. "डीपी रस्त्याने" लिहिलं असेल तर तो विकास आराखड्यातला (डीपी) रस्ता प्रत्यक्षात आहे का, की अजून कागदावरच आहे? "कंपाउंडच्या भिंतीने" म्हटलं असेल तर भिंत उभी आहे का? इमारतीचं नाव बदललंय का? चार दिशांची चार वर्णनं जोडली की वर्तुळ पुरं होतं का, की एखादा कोपरा उघडा राहतो? शेजारच्या प्रभागाचं वर्णनही बरोबर ठेवा. तुमची पूर्व हद्द ही त्यांची पश्चिम हद्द असते आणि दोन्हीकडे शब्द सारखेच हवेत. पाच-सहा किलोमीटरच्या हद्दीला सकाळचे तीन तास लागतात.

कुठल्या मुद्द्याला वजन असतं

प्रभाग आखणाऱ्यांना काही नियम पाळावे लागतात आणि तेच आपले मुद्दे. हद्द नदी, नाला, मोठा रस्ता, रेल्वेमार्ग, उड्डाणपूल अशा सहज ओळखता येणाऱ्या खुणांवरून जावी. एकच इमारत दोन प्रभागांत विभागली जाऊ नये. प्रभाग सलग असावा. प्रगणक गट शक्यतो फोडू नयेत. क्रमांक उत्तरेकडून सुरू होऊन दक्षिणेत संपावेत. आणि अनुसूचित जाती-जमातींच्या वस्त्यांचं शक्यतो विभाजन होऊ नये.

शेवटच्या नियमाकडे विशेष लक्ष द्या. अनुसूचित जातींसाठी राखीव जागा ठरवताना त्यांच्या लोकसंख्येचं प्रमाण जिथे जास्त, तिथून उतरत्या क्रमाने जातात. एक मोठी वस्ती मधोमध चिरून दोन प्रभागांत टाकली तर दोन्हीकडचं प्रमाण खाली येतं आणि त्या वस्तीला स्वतःचा प्रतिनिधी मिळायची शक्यताच मावळते. कुणी मुद्दाम केलं की नकळत झालं, हे सिद्ध करत बसू नका. वस्ती फुटली आहे, हे नकाशावर दाखवून द्या. वस्तीतल्या लोकांना हे समजावून सांगा आणि हरकत त्यांच्याच सहीने जाऊ द्या. माझ्या मते प्रभाग रचनेत यापेक्षा महत्त्वाची हरकत दुसरी नसते.

न चालणारे मुद्देही माहीत हवेत. चार सदस्यांचा प्रभाग नको, ही धोरणाची गोष्ट आहे, सुनावणीच्या अधिकाऱ्याला ती बदलता येत नाही. "आमचा प्रभाग महिलांसाठी राखीव करा" ही आरक्षणाची, तिची वेळ वेगळी. "माझं नाव यादीत नाही" ही मतदारयादीची. आणि "अमुक माजी नगरसेवकाच्या सोयीसाठी प्रभाग तोडला" असं लिहिलंत तर बातमी होईल, हद्द बदलणार नाही. तोच आरोप नियमाच्या भाषेत लिहा: नाला सोडून रेघ गल्लीतून का वळवली, अमुक गट का फोडला?

हरकतीचा कागद

एका पानात एक मुद्दा. दोन मुद्दे असतील तर दोन अर्ज. पुण्यात २०२५ ला हरकती सहा हजारांच्या घरात गेल्या होत्या. अशा गठ्ठ्यात तुमचं पान दोन मिनिटांत कळलं पाहिजे. नमुना असा:

"प्रति, मा. आयुक्त. विषय: प्रारूप प्रभाग क्र. अमुक च्या पूर्व हद्दीच्या वर्णनाबाबत हरकत. महोदय, सदर प्रभागाच्या पूर्व हद्दीचे वर्णन 'नाल्याने पुलापर्यंत' असे आहे. या नाल्यावर दोन पूल असून त्यांच्या मधल्या भागात प्रगणक गट क्र. अमुक येतो. नकाशानुसार हा गट प्रभाग क्र. अमुक मध्ये असला तरी वर्णनावरून तसा बोध होत नाही. सबब 'पुलापर्यंत' ऐवजी 'फरशी पुलापर्यंत' असा बदल करावा, ही विनंती. सोबत: नकाशाच्या संबंधित भागाची प्रत, दोन्ही पुलांची छायाचित्रे."

विनंतीचं वाक्य नेमकं हवं. "योग्य तो बदल करावा" असं लिहिलंत तर समोरच्याने काय करायचं?

तुम्हाला एखादा भाग इकडून तिकडे हलवायचा असेल तर आणखी एक पायरी चढावी लागते, आणि नवखे इथेच अडकतात. आपला भाग हलवला की शेजारच्या प्रभागाचं गणित बदलतं, ते आपणच करून दाखवायचं. वरचंच पिंपरी-चिंचवडचं गणित घेऊ. समजा तुमचा प्रभाग ५७,९०० चा आणि शेजारचा ५०,२०० चा आहे. तीन गट मिळून २,१५० माणसं तिकडे द्यायची आहेत. मग तुमचा होतो ५५,७५० आणि त्यांचा ५२,३५०. दोन्ही आकडे दहा टक्क्यांच्या आत राहिले. हे दोन ओळींचं कोष्टक अर्जात असलं की अधिकाऱ्याला नव्याने हिशोब मांडावा लागत नाही. आणि आकडे मर्यादेबाहेर जात असतील तर बदल्यात कुठला गट इकडे यावा, तेही सुचवा.

एकाच मजकुराच्या शंभर झेरॉक्स देण्याची पद्धत आहे. सारख्या हरकती एकत्र करून त्यांची एकच सुनावणी होते. शंभर सह्यांचा एक अर्ज चांगला, शंभर अर्ज कशाला?

अर्ज अधिसूचनेत दिलेल्या कार्यालयात, दिलेल्या वेळेतच द्या. शेवटच्या दिवशी दुपारीच मुदत संपू शकते. दोन प्रती न्या, एकीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. ती पोच हाच तुमचा सुनावणीचा प्रवेश आहे.

सुनावणी

ज्याने मुदतीत हरकत दिली त्यालाच बोलावतात. महापालिकेची सुनावणी शासनाने नेमलेले वरिष्ठ अधिकारी घेतात, नगरपरिषदेची जिल्हाधिकारी. तुम्हाला मिळतात दोन-तीन मिनिटं. पहिल्या सुनावणीला मी परिसराच्या इतिहासापासून सुरुवात केली होती आणि मुद्द्यावर येईपर्यंत पुढचं नाव पुकारलं गेलं. आता मी मोठ्या कागदावर हद्दीचा तेवढाच तुकडा छापून नेते, सध्याची रेघ लाल आणि सुचवलेली हिरवी. कागद टेबलावर पसरायचा, बोट ठेवायचं, "साहेब, ही रेघ इथून इथे" म्हणायचं आणि प्रगणक गटाचा क्रमांक सांगायचा. महापालिकेचे अधिकारी शेजारीच बसलेले असतात, त्यांना तिथेच विचारलं जातं. आवाज चढवू नका आणि राजकीय मंडळींच्या घोळक्यातून आत जाऊ नका.

अंतिम अधिसूचना निघाल्यावर हातात फारसं काही राहत नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २४३ झेडजी प्रमाणे प्रभाग पाडण्याच्या कायद्याच्या वैधतेला न्यायालयात आव्हान देता येत नाही. अपवाद घडतात. २०२१ मध्ये गोव्यातल्या पाच नगरपालिकांच्या प्रभाग आरक्षणाचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि आरक्षण नव्याने करावं लागलं. पण तो महिलांच्या जागा कमी ठेवल्याचा प्रश्न होता. आपल्या गल्लीच्या रेघेसाठी त्या वाटेचा भरवसा धरू नका.

त्यानंतर काय

अंतिम रचनेनंतर आरक्षणाची सोडत निघते. महिलांसाठी निम्म्या जागा, आणि चिठ्ठ्या बहुधा शाळकरी मुलांकडून काढून घेतात. सोडत सर्वांसमोर होते, बसून बघता येते.

मग येते प्रभागनिहाय मतदारयादी. विधानसभेची यादी फोडून ती बनवतात, आणि पुलाची ती गोष्ट इथे पुन्हा डोकं वर काढते. अख्खी सोसायटी शेजारच्या प्रभागाच्या यादीत गेलेली सापडते, ती या टप्प्यावर. हिच्यावरच्या हरकतींची मुदत वेगळी आणि तीही काही दिवसांचीच. त्या वेळी अंतिम अधिसूचनेतलं वर्णन जोडून "अमुक यादी भागातली नावं या प्रभागातली आहेत" असा अर्ज द्यायचा असतो. आमच्या नाल्याकाठच्या वस्तीतली सत्तावीस नावं अशीच पलीकडे गेली होती. "फरशी पुलापर्यंत" लिहिलेलं पान काकांनी फायलीतून काढून टेबलावर ठेवलं आणि ती नावं इकडे आली.